फ्रेदेरिकची दुपार

सिनेमातला मोह बहुतेक वेळा रात्रीचा असतो. पाऊस लागलेला असतो, दिवे गेलेले असतात, दोघांना एकाच छपराखाली थांबावं लागतं आणि पुढचं सगळं वातावरण उरकून टाकतं. एरिक रोमेर या फ्रेंच दिग्दर्शकाने १९७२ साली मोहावर एक अख्खा सिनेमा काढला आणि त्याची वेळ ठेवली जेवणानंतरची. ऑफिसात डोळ्यांवर झापड येते, हातातलं काम पुढे सरकत नाही, चहाला अजून अवकाश असतो, ती वेळ. सिनेमाचं नावही तेच, ‘लामूर लाप्रेमिदी’. दुपारचं प्रेम.

नायक फ्रेदेरिक पॅरिसच्या उपनगरात राहतो. रोज सकाळी गाडीने शहरात येतो, गाडीत पुस्तक वाचतो. सँ-लझार स्टेशनच्या बाजूला त्याचं छोटं ऑफिस आहे. एक भागीदार, दोन सेक्रेटरी, धंदा बरा चाललेला. बायको एलेन इंग्रजी शिकवते. एक लहान मुलगी आहे, दुसरं मूल वाटेवर आहे. घरात भांडण नाही की पैशाची ओढाताण नाही. पुरुषाची नजर बाहेर गेली की त्याच्या वतीने आपण जी कारणं शोधतो, त्यातलं एकही रोमेर त्याच्या हाती लागू देत नाही. एलेनला जरा कजाग केलं असतं, निदान कंटाळवाणी तरी, तर प्रेक्षकाची सोय झाली असती. पण ती देखणी आहे, हुशार आहे. दोष काढायचाच तर इतकाच, की नवरा-बायको एकमेकांशी फार जपून बोलतात. आवाज चढत नाही, चेष्टामस्करी बेताची, मनातलं मनात.

एलेन झालेली फ्रांस्वाज वेर्ले ही फ्रेदेरिक झालेल्या बर्नार वेर्लेची तेव्हाची खरी बायको. हे कळल्यावर मी सिनेमा पुन्हा लावला. त्या दोघांमधला जो अवघडलेपणा मला पहिल्यांदा नटांचा वाटला होता, तो आता वेगळाच दिसायला लागला. नवऱ्यासमोर खोटं खोटं नवऱ्याशी बोलायचं, हे काम सोपं नसणार.

तर हा फ्रेदेरिक. सगळे जेवायला जातात त्या वेळी तो जेवत नाही. उशिरा बाहेर पडतो, कॅफेत काहीतरी खातो, रस्त्यावरून हिंडतो, दुकानांत शिरतो. एका दुकानातली विक्रेती त्याला जराही आग्रह न करता असा काही शर्ट गळ्यात मारते की तो खूश होऊन बाहेर येतो. हा प्रसंग मिनिटा-दोन मिनिटांचा आहे आणि कथेला त्याची काही गरज नाही. पण ‘नको’ म्हणायची पक्की तयारी करून गेलेला माणूस ‘बरं, द्या’ कधी म्हणून बसतो, हे इथे दिसतं. पुढे त्याचं काय होणार, हे इथेच ओळखून घ्यावं.

तो बायका बघतो. आणि आपल्याला सांगतो, की लग्न झाल्यापासून मला सगळ्याच बायका सुंदर दिसायला लागल्यात. पूर्वी कोण आपल्याजोगी, कोण नाही, याची निवड झटकन व्हायची, आता ती जमत नाही. हे सांगण्यात त्याला लाज नाही, उलट थोडा अभिमानच आहे. एलेनला जवळ घेतो तेव्हा मी सगळ्याच बायकांना जवळ घेतो, असलं काहीतरी तत्त्वज्ञानही तो लढवतो. ते ऐकून माझा नवरा म्हणाला, “याला हे सगळं सुचायला वेळ बरा मिळतो.” नवऱ्याला सिनेमातलं कळत नाही असं मी म्हणायचे, पण हे वाक्य अनेक समीक्षकांपेक्षा नेमकं आहे. फ्रेदेरिकचा प्रश्न प्रेमाच्या आधी वेळेचा आहे. सकाळ कामाची, संध्याकाळ घराची. दुपार तेवढी कुणाचीच नाही.

मग येतं ते दिवास्वप्न. कॅफेत बसलेला फ्रेदेरिक कल्पना करतो, की आपल्या गळ्यात एक छोटं यंत्र आहे. त्यातून निघणाऱ्या लहरी समोरच्या माणसाची इच्छाशक्ती पुसून टाकतात. तो रस्त्यावर उभा राहतो आणि येणाऱ्या-जाणाऱ्या बायकांना थांबवून सरळ विचारतो. एकीमागून एक त्या हो म्हणतात. घाईत असलेली थांबते, सोबत पुरुष असलेली त्याला सोडून येते. फक्त शेवटच्या मुलीपुढे यंत्राचं काही चालत नाही. ती त्याला उडवून लावते आणि चालू लागते. या सगळ्या बायका रोमेरच्या आधीच्या सिनेमांतल्या नायिका आहेत, त्यामुळे ज्यांनी ते बघितलेत त्यांना गंमत दुप्पट. आणि उडवून लावणारी ती पोरगी म्हणजे बेआत्रिस रोमाँ, आधीच्या सिनेमातही मोठ्या माणसांना तोंडावर सुनावणारी.

मला हा प्रसंग विनोदी वाटला, आणि मग विचार करताना जरा भीतिदायक. फ्रेदेरिक सभ्य माणूस आहे, रस्त्यात कुणाला धक्काही मारणार नाही. तरी त्याला स्वप्नात काय हवंय, तर समोरच्या बाईला मनच नसावं. बाईचं हो-नाही मध्ये येऊ नये. निखळ इच्छा ही अशीच असते का? तिला दुसरं माणूस लागतं, पण त्या माणसाचं मत लागत नाही. म्हणून तर ती इतकी बिनधोक. फ्रेदेरिक रोज दुपारी मनातल्या मनात पॅरिसभर हिंडतो आणि संध्याकाळी भाजीची चौकशी करत घरी येतो. कुणाचं काही बिघडत नाही.

आणि मग क्लोए दारात उभी राहते.

क्लोए त्याच्या एका जुन्या मित्राची मैत्रीण. हिला नोकरी टिकत नाही, माणूस टिकत नाही, घर टिकत नाही. कधी बारमध्ये काम, कधी कपड्यांच्या दुकानात. मध्येच न सांगता नाहीशी होते, तशीच एक दिवस परत येते. झूझू या मॉडेल-गायिकेने हे काम केलंय. साठच्या दशकातल्या पॅरिसच्या रात्री तिच्या चेहऱ्यावर दिसतात: डोळ्यांखाली थकवा, केस हवे तसे, आवाज जरा घोगरा. रूढ अर्थाने ती मोहिनी नाहीच. फ्रेदेरिकलाही ती सुरुवातीला ब्याद वाटते. सेक्रेटरींसमोर ही कशाला आली, असा भाव त्याच्या तोंडावर लपत नाही.

गळ्यातल्या यंत्राचं इथे काही चालणार नसतं, कारण क्लोएची इच्छाशक्ती त्याच्या चौपट आहे. तिला काय हवंय ते ती तोंडावर सांगते. पुढे तर तिला त्याच्यापासून मूल हवं असतं. लग्न नको, संसार नको, फक्त मूल. फ्रेदेरिक गांगरतो. हा फरक मला या सिनेमातला सगळ्यात मोलाचा वाटतो. रस्त्यावरच्या बायका बघणं ही इच्छा होती. मोह सुरू होतो तो समोरच्या माणसाला स्वतःचं म्हणणं असतं तेव्हा. आपण बोलावलं नाही तरी ती येते, बोलावलं तर येईलच असं नाही. आली नाही त्या दुपारी आपण घड्याळ का बघतोय, हे फ्रेदेरिकला कळत नाही. प्रेक्षकाला कधीच कळलेलं असतं.

पण क्लोए त्याला नेमकं देते काय? बराच काळ काहीच नाही. दोघं बोलतात. कॅफेत, रस्त्यात, ऑफिसात, तिच्या पोटमाळ्यावरच्या खोलीत. रोमेरच्या सिनेमात माणसं अखंड बोलतात; १९७५च्या एका अमेरिकन गुप्तहेरपटात जीन हॅकमनच्या पात्राने म्हणून ठेवलंय, की रोमेरचा सिनेमा बघणं म्हणजे रंग वाळताना बघत बसणं. तो टोमणा रोमेरच्या चाहत्यांनाही आवडतो. आणि चूक नाहीये तो, फक्त रंग वाळताना बदलतो कसा हे बघायची हौस हवी. क्लोएशी बोलताना फ्रेदेरिक मोकळा होत जातो. घरी ज्या गोष्टी बोलायला तो बिचकतो, त्या इथे सहज निघतात. त्याला स्वतःचा आवाज आवडायला लागतो.

हे मला पडद्याबाहेरही माहीत आहे. नोकरीत असताना एका प्रशिक्षणवर्गाला एक गृहस्थ होते. दुपारच्या सुट्टीत आम्ही कॅन्टीनच्या मागच्या पायऱ्यांवर चहा प्यायचो. ते पुस्तकांवर बोलायचे, मीही बोलायचे, आणि बोलताना मी घरच्यापेक्षा जास्त विनोदी असायचे. काही घडलं नाही, घडण्यासारखंही नव्हतं. त्यांना टक्कल होतं आणि मला सव्वापाचची गाडी. पण वर्ग संपल्यावर हुरहूर लागली ती कुणासाठी, हे मी प्रामाणिकपणे तपासलं, तर त्यात त्यांचा वाटा थोडाच निघाला. त्या पायऱ्यांवर बसणाऱ्या माझीच आठवण येत होती. हे नवऱ्याला सिनेमा बघता बघता सांगितलं तेव्हा त्याने विचारलं, “टक्कल होतं हे आधी का नाही सांगितलंस?”

रोमेरने असे सहा सिनेमे केले. साचा एकच: एका बाईशी बांधलेला किंवा बांधला जाऊ पाहणारा पुरुष, वाटेत भेटलेली दुसरी, आणि परत पहिलीकडे. हा सांगाडा त्याने मुर्नाउ या जर्मन दिग्दर्शकाच्या १९२७ सालच्या ‘सनराइज’ या मूकपटावरून घेतला. पहिला लघुपट १९६३चा आणि शेवटचा हा. आधी तो ‘काये द्यु सिनेमा’ या प्रसिद्ध मासिकाचा संपादक होता. कॅथलिक, खासगी आयुष्य इतकं झाकून ठेवणारा, की आपला मुलगा सिनेमे काढतो हे त्याच्या आईला शेवटपर्यंत कळलं नाही, असं सांगतात. तिच्या लेखी तो मास्तरच होता. घरापासून एक आख्खं आयुष्य लपवणाऱ्या माणसाने फ्रेदेरिकसारखा नवरा लिहावा, यात नवल नाही.

या सहांतला ‘मा न्वी शे मोद’ (१९६९) बहुतेकांना सर्वांत थोर वाटतो. त्यात क्लेरमाँ-फेराँ गावी नाताळच्या बर्फात अडकलेला एक भाविक इंजिनिअर घटस्फोटित डॉक्टर मोदच्या खोलीत रात्र काढतो, पास्काल या तत्त्वज्ञाच्या पैजेवर (देव आहे असं मानून चालण्यातच फायदा, या युक्तिवादावर) वाद घालतो, आणि ती दुलईत असताना स्वतः घोंगडीत गुंडाळून बसतो. पहाटे अर्धवट झोपेत जवळ जातो, लगेच मागे सरतो, आणि मग तीच त्याला झटकते. काय हवं ते ठाऊक नसलेली माणसं तिला आवडत नाहीत. त्यातला इंजिनिअर झालेल्या त्रँतिन्याँचा चेहरा विसरता येत नाही. त्या मानाने ‘ल जनू द क्लेर’ (१९७०) मला आता झेपत नाही. आन्सीच्या तळ्याकाठी सुट्टीला आलेला, लग्न ठरलेला, दाढीवाला जेरोम शिडीवर चढून चेरी तोडणाऱ्या कोवळ्या क्लेरचा गुडघा बघतो आणि तो गुडघा त्याच्या डोक्यातून जात नाही. पुढे पावसात आडोशाला बसलेले असताना तो तिला तिच्या मित्राविषयी वाईट सांगून रडवतो, तिच्या गुडघ्यावरून हात फिरवत राहतो, आणि नंतर ओळखीच्या लेखिकेला सांगतो की मी त्या मुलीचं भलंच केलं. छायाचित्रण नेस्तोर आल्मेंद्रोसचं, तळ्यावरचा उजेड बघत राहावा असा. पण मुलगी रडतेय आणि हा गुडघ्यावर हात ठेवून स्वतःचं समाधान मोजतोय, हे बघताना मला आता फक्त तिचं रडणं दिसतं. रोमेरला त्याचा दांभिकपणा दिसतो हे खरं. पण तो जरा जास्तच मजेत बघतो.

फ्रेदेरिककडे येऊ. सिनेमाच्या शेवटाकडे तो क्लोएच्या खोलीवर जातो. ती अंघोळ करतेय. टॉवेल दे म्हणते, तो देतो. तो तिचं अंग पुसतो. ती जाऊन बिछान्यावर पडते आणि वाट बघते. आता अडवणारं कुणी नाही. तो न्हाणीच्या बाजूला उभा राहून आपला उंच गळ्याचा स्वेटर काढायला लागतो. स्वेटर वर ओढला जातो, डोक्यापर्यंत येतो, आणि चेहऱ्याभोवती गोळा होऊन अडकतो. समोर आरसा आहे. आरशात लोकरीच्या गोल चौकटीतून बाहेर आलेलं एक येडं तोंड.

हे तोंड आपण आधी बघितलंय. घरी लेकराला हसवायला त्याने स्वेटर अस्साच डोक्यावर ओढून सोंग केलं होतं, एलेन समोर होती. तो थांबतो. स्वेटर परत खाली ओढतो. आवाज जाऊ नये म्हणून नळ सोडतो, आणि वाहत्या पाण्याच्या आवाजाआड गुपचूप खोलीबाहेर पडतो. मग ते जिने. वरून दिसणारे, गोल गोल खाली जाणारे, आणि त्यावरून धूम ठोकणारा एक सुटाबुटातला नसलेला, स्वेटरातला नवरा.

इतका अप्रतिष्ठेचा विजय मी दुसऱ्या कुठल्या सिनेमात बघितलेला नाही. तुकोबांकडे आलेल्या बाईची गोष्ट आपण ऐकत आलोय. तिथे प्रश्न आधीच निकालात निघालेला होता. तुकोबांना पळायची गरज पडली नाही, त्यांनी तिला आई म्हणून समजावून परत पाठवलं. फ्रेदेरिकपाशी तसलं काही नाही. त्याचं तत्त्वज्ञान दीड तास चाललेलं असतं आणि ऐन वेळी त्यातलं एक वाक्य उपयोगी पडत नाही. उपयोगी पडतो स्वेटर. बायको-मुलांवरचं प्रेम आठवून तो मागे फिरला, असं म्हणता येईल, लोक म्हणतातही. मला वाटतं तो हसू येईल असा दिसला, हे जास्त खरं. मोहात माणूस स्वतःच्या डोळ्यांना फार देखणा दिसत असतो. क्लोएसमोरचा फ्रेदेरिक हा हजरजबाबी, स्वतंत्र, शहरी पुरुष होता. आरशाने दाखवला तो पोरीचा बाबा. दोघं एका खोलीत मावेनात.

इथे माझी एक तक्रार आहे आणि ती मी सोडणार नाही. क्लोएचं काय? ती बिछान्यावर आहे, नळ वाहतोय. फ्रेदेरिक गेला, त्याच्यामागे कॅमेराही गेला. सिनेमा तिच्याकडे परत येत नाही. जिला मन आहे म्हणून हा मोह खरा ठरला, तिचं मन ऐन वेळी कुणाला विचारायचं सुचत नाही. ती भोळी नव्हती, तिने डाव टाकला होता, हे मान्य. पण काही महिने रोज दुपारी त्याने तिच्याकडून जे घेतलं, त्याची पावती म्हणून नळ सोडून पळणं फार स्वस्त झालं. दारात उभं राहून ‘मला जमणार नाही’ एवढं म्हणायला किती वेळ लागला असता? त्या दुपारी फ्रेदेरिकने बायकोशी इमान राखलं, ठीक. सौजन्याच्या परीक्षेत मात्र तो नापास आहे, आणि रोमेर त्याला ढकलपास करतो.

शेवटचा प्रसंग घरी घडतो. फ्रेदेरिक भरदुपारी अवेळी परत आलाय. एलेन दचकते. सिनेमाच्या सुरुवातीला हा माणूस आपल्या कानाशी बसून मनातलं सगळं किती सफाईने सांगत होता! आता तेच बायकोला सांगायला जातो तर शब्द सापडत नाहीत. दुपारी मला एकटं वाटतं, तुझ्याशी बोलावंसं वाटतं, मला तुझा संकोच वाटतो, असं काहीबाही. एलेनला रडू फुटतं. रडता रडता ती हसते, मान फिरवते. दोघं आत जातात.

ती का रडली, यावर आमच्याकडे वाद आहे. नवरा म्हणतो, तिला सगळं कळलं होतं. बायकांना कळतं. माझं म्हणणं वेगळं आहे. ती घरी एकटी होती, तिची स्वतःची एक दुपार चालू होती, आणि त्या दुपारीबद्दल दीड तासात कुणी तिला एक प्रश्न विचारलेला नाही. फ्रेदेरिकने नाही, रोमेरने नाही, आणि पहिल्यांदा सिनेमा बघताना मीही नाही. तिच्या त्या दचकण्याकडे नीट बघा. नवरा अवेळी घरी आला तर बाई दचकते, त्याची कारणं एकापेक्षा जास्त असू शकतात. असं म्हटल्यावर नवऱ्याने सिनेमा पाच मिनिटं मागे नेला, तिचा चेहरा पुन्हा बघितला, आणि म्हणाला, “छे, काहीतरीच.” मग आणखी एकदा मागे नेला.